नाव घातलेली भांडी

त्या रविवारी मारुंजीहून निघताना अपूर्वाने ते वाक्य मनातल्या मनात दोनदा म्हणून पाहिले. ‘बाबा, आईचा तांब्या मामांनी नेला नाही. मी दिला.’ घोटावड्यापर्यंत ते व्यवस्थित येत होते. पिरंगुटच्या चौकात एका कंटेनरमागे वीस मिनिटे अडकल्यावर ते दुसऱ्याच कुणाचे वाटायला लागले, आणि भुकूमला घरासमोर गाडी लावली तेव्हा त्यातला नुसता ‘बाबा’ तेवढा शिल्लक होता.

तिचे वडील, बंडोपंत, पायरीवर बसून चिंचेने एक पितळी गडू घासत होते. अंगात बनियन, कपाळावर सरकवलेला चष्मा, मांडीवर भिंग.

"आलीस? चहा कुणात घेतेस?"

त्या घरात हे दर वेळी विचारले जाई. अपूर्वाही सवयीने उत्तर देई. "गोजराबाई नकोत. मागच्या वेळी कड ओठाला लागली."

"मग दादासाहेब घे. शांत माणूस आहे."

"तुम्ही कुठे भेटलात त्यांना?"

"पेल्याला एक पोचा नाही बघ. आदळआपट करणाऱ्यांची भांडी अशी राहत नाहीत."

ती दादासाहेबांच्या पेल्यात चहा घेऊन शेजारी बसली. मागे तिन्ही खोल्यांत जमिनीपासून छतापर्यंत लोखंडी मांडण्या होत्या आणि मांडण्यांवर साडेबाराशेच्या वर भांडी होती. तांबे, पेले, डबे, ताटल्या, एक बाळाची वाटी. प्रत्येकावर नाव घातलेले. लग्नातले, वास्तुशांतीतले, आणि सगळ्यांत जास्त तेराव्याला वाटलेले, ‘कै. अमुक यांच्या स्मरणार्थ’. आजूबाजूला जमिनी विकल्या जात होत्या, जुनी घरे पाडली जात होती, माणसे फ्लॅटमध्ये जात होती आणि ही भांडी पोत्यात भरून भंगारात जात होती. बंडोपंतांनी पिरंगुटच्या एका कारखान्यात एकतीस वर्षे तपासणी खात्यात काढली होती. आलेला नग मापाला लावायचा, बसला तर ठेवायचा, नाहीतर बाजूला टाकायचा. निवृत्तीनंतर त्यांनी एकही नग बाजूला टाकला नाही.

त्यांची लावण्याची पद्धत होती. आया स्वयंपाकघरात, कारण तिथे त्यांचे लक्ष राहते. बाप्ये बाहेरच्या खोलीत. बाळाची वाटी खिडकीत. एकाच घरातली सासू आणि सून कधी एका फळीवर ठेवायच्या नाहीत. एकदा अपूर्वाने जागेअभावी तशा ठेवल्या होत्या, तर बंडोपंतांनी दुसऱ्या दिवशी फोन करून विचारले होते, "तुला स्वतःची सासू असून कळत कसं नाही?"

शेजारचे हैबतराव, ज्यांच्याकडून बंडोपंतांनी पंचवीस वर्षांपूर्वी ही दोन गुंठे जागा घेतली, ते एकदा सहज चहाला आले होते आणि स्वतःच्या आईसमोर उभे राहिले होते. गोजराबाईंच्या तेराव्याला त्यांनी भावकीत दोनशे तांबे वाटले होते. त्यातले चौतीस इथे एका ओळीत होते.

"पंत, ह्ये कुनी इकले?"

"ते तांब्यावर लिहिलेलं नाही, हैबतराव."

"न्हाई, पन चौतीस?" हैबतराव खालीच बसले होते. "माज्या आयेच्या हातचं जेवल्यात सगळे. चौतीस घरं?" त्या दिवसापासून ते दर महिन्याला येऊन मोजत आणि कुणाच्या घरी पाणी प्यायला तांब्या पुढे आला की आधी तो फिरवून नाव बघत. अर्ध्या भावकीशी त्यांचे बोलणे बंद झाले होते. कुणी विकले ते त्यांना कळायचे नव्हते, म्हणून ते सगळ्यांवरच रागावले होते.

हे सांगताना बंडोपंत हसत. अपूर्वा कधी हसली नाही.

नऊ वर्षांपूर्वी आई गेली. शेवटचे चार महिने ती बाहेरच्या खोलीत खाटेवर होती आणि उशाशी तिचा तांब्या-पेला असे. माहेरून लग्नात आलेला. ‘चि. सौ. कां. शालन हिस आईकडून, बार्शी’, टिंबाटिंबांच्या अक्षरांत. बोलणे बंद झाल्यावर आई काही हवे असले की पेला तांब्यावर वाजवी. टक टक टक. पाणी, कूस, औषध, पंखा, सगळ्याला तेच. अपूर्वा बिनपगारी रजा घेऊन इथे राहिली होती. तो आवाज तिला अंघोळ करतानाही ऐकू येई, आणि बाहेर येऊन बघावे तर आई झोपलेली असे.

तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी बाबा कागदपत्रांसाठी बार्शीला गेले आणि फाटकाशी बोहारीण आली. अपूर्वाने आईच्या रोजच्या साड्या तिच्यापुढे टाकल्या. बोहारणीने एक नॉनस्टिक तवा काढून दाखवला, आणि साड्या चाचपून म्हणाली, "एवढ्यात न्हाई बसत ताई. अजून काय तरी घाला." अपूर्वा आत गेली आणि तांब्या घेऊन आली. पेलाही.

बाबांनी परत आल्यावर पाय धुतले आणि पहिले विचारले, "तिचा तांब्या कुठाय?"

"असेल इथेच," अपूर्वा म्हणाली. "नाहीतर तेराव्याला आलेल्यांपैकी कुणी नेला असेल. आठवण म्हणून."

त्या ‘कुणी’ला बाबांनी दोन दिवसांत नाव दिले. शेखर मामा, आईचा धाकटा भाऊ. तेराव्याला त्याने तो तांब्या हातात घेऊन फिरवून फिरवून बघितला होता, आमच्या आईने पैसे साठवून आणला होता म्हणाला होता. बाबांनी त्याला दोन फोन केले, एक रजिस्टर पत्र पाठवले, आणि मग त्याचे नावच टाकले. मामा पहिल्या वर्षी शपथा घेत होते. पुढे त्यांनी त्याही सोडल्या.

शेखरने नाहीतर त्याच्या बायकोने तांब्या विकला असणार, असे धरून बाबा भंगारवाल्यांकडे हिंडायला लागले. तांब्या मिळाला नाही. पण माऊली नावाच्या एका भंगारवाल्याच्या दुकानात एका पोत्यात कुणाच्या तरी स्मरणार्थचा डबा दिसला आणि तो त्यांना तिथे ठेववेना. घरी आणून घासला, पुसला, ठेवला. मग दुसरा. चाळीस झाले तेव्हाच सांगायला हवे होते. चारशे झाल्यावर सांगणे म्हणजे त्यांच्या तोंडावर हसल्यासारखे झाले असते. तव्याचा काळा थर सहा महिन्यांत निघाला. ऋषिकेशने, तिच्या नवऱ्याने, एकदा तो सोसायटीच्या कचऱ्यात टाकला, तर ती खाली जाऊन परत घेऊन आली. त्याने कारण विचारले. ती म्हणाली, "धिरडी बरी होतात." त्यावर धिरडे सोडून सगळे होत असे.

"मामांचा फोन होता," ती आता म्हणाली. "किमयाचं लग्न आहे एप्रिलमध्ये. तुम्ही याल का विचारत होते."

बंडोपंतांनी गडू उन्हात धरला. "शेखर वाईट नाही गं. पण त्याने एकदा कबूल करावं. मी काय त्याला खाणार आहे? तांब्या देऊही नको म्हणावं. नुसतं म्हण, की हो, मी नेला."

"आणि त्यांनी नेलाच नसला तर?"

"मग कुणी नेला?"

पेल्यातला चहा संपला होता. अपूर्वाने तोंड उघडले. तेवढ्यात पौड रस्त्याने खडीचा डंपर गेला, जमीन हलकी थरथरली, आणि आतल्या मांडण्यांनी आवाज दिला. आधी स्वयंपाकघर, मग मधली खोली, मग बाहेरची. साडेबाराशे भांडी एकमेकांना लागून बारीक किणकिणत राहिली. बंडोपंतांनी एक बोट वर केले. डंपर गेला की ते दर वेळी असे करत आणि आवाज पुरता विरेपर्यंत ऐकत.

"सगळे आहेत," ते म्हणाले.

आणि माऊलीचा टेम्पो फाटकाशी थांबला. "काका, लई माल हाय आज. मारुंजीत तीन घरं पाडली. नावाची तेवढी येगळी काडल्यात." बंडोपंत भिंग घेऊन उठले ते पोत्यापाशीच बसले. पाच वाजता अपूर्वा निघाली तेव्हा ते एका ताटलीवरचे पुसट झालेले गाव लावत होते.

"पुढच्या रविवारी बोलू, बाबा."

"बोलायचं काय आहे?"

"काही नाही."

सोमवारी सकाळी अकराच्या सुमाराला हैबतरावांच्या सुनेला आवाज आला. लग्नघरातली सगळी भांडी जिन्यावरून सोडून द्यावीत तसा, आणि बराच वेळ चालला, असे ती नंतर सांगत होती. बंडोपंत मारुंजीची भांडी वरच्या फळीवर लावायला स्टुलावर चढले होते. डॉक्टरांनी हृदय लिहिले. आधी हृदय थांबले आणि पडताना त्यांनी मांडणीला धरले. वस्तीला हे पटले नाही. "डाक्टरला काय कळतंय?" लोक म्हणत होते. "इतक्या मेलेल्यांना एका जागी कोंडून ठेवल्यावर?" हैबतराव प्रत्येकाला आवर्जून सांगत होते की त्यांच्या आईने काही केलेले नाही, ती खालच्या फळीवर होती.

बंडोपंतांपर्यंत पोचायला वेळ लागला. त्यांच्या अंगावरची भांडी बाजूला काढायची होती, आणि जो उचलेल तो आधी नाव वाचत होता.

अपूर्वा नऊ दिवस त्या घरात राहिली. ऋषिकेश येऊन जाऊन होता. तिने पडलेली भांडी परत लावली. कोण कुठे ते तिला येत होते, याचे तिलाच नवल वाटले. माणसे भेटायला येत, दारातूनच आत बघत, आणि चहा नको म्हणत. हैबतरावांनी मात्र व्यवहाराचे सुचवले. "तेराव्याला भांडी वाटशीला ना? नवी कशाला घेती? हितंच हायेत की. खाली जागा बघून पंतांचं नाव घालून घ्यायचं. मशिनवाला माज्या वळखीचा हाय."

"आधीच्या नावाचं काय करायचं?"

"ऱ्हाऊ द्या. सोबत हुईल."

दुपारचे सगळे सामसूम झाले की डंपर जात. भांडी किणकिणायची, विरायची. पाचव्या दिवशी तिच्या लक्षात आले की बाकीची थांबल्यावर एक थांबत नाही. टक टक टक. तिने स्वयंपाकघरात जाऊन एकेका तांब्यावर तळहात ठेवला. हाताखाली सगळे गार आणि मुके होते, आवाज मधल्या खोलीतून येत होता. मधल्या खोलीत गेली तर तो बाहेरच्या खोलीत. तिने माऊलीला बोलावले. माऊलीने गुडघ्यावर बसून फळ्यांखाली बघितले, पाचर मारली, कान लावला.

"काय न्हाई ताई. काका असताना बी असंच वाजायचं का?"

"माहीत नाही. ते म्हणायचे, सगळे आहेत."

"मग असंल कुनी तरी नवीन," माऊली म्हणाला, आणि म्हटल्यावर त्याचे त्यालाच ते आवडले नाही. तो पाणी न पिता गेला.

सहाव्या दुपारी तो आवाज सुरू झाला तेव्हा ती आतल्या खोलीत आडवी होती. उठायला हवे, असे तिला वाटले. पूर्वीही एकदा असेच वाटले होते, याच खोलीत, याच वेळेला. ती भिंतीकडे तोंड करून पडून राहिली. थोड्या वेळाने आवाज आपोआप थांबला, आणि ते थांबणे तिला सोसेना. ती उठून अंगणात जाऊन उभी राहिली.

दहाव्या दिवशी सकाळी सगळे मुळेच्या काठी घाटावर गेले. मुलगा नाही म्हणून विधी अपूर्वानेच केले. गुरुजींनी विचारले नाही. त्यांना अकरा वाजता दुसरीकडे पोचायचे होते. पलीकडच्या पायऱ्यांवर दुसऱ्या कुणाचे दहावे होते, तिथे ध्वनिक्षेपकावर श्रद्धांजलीची भाषणे चालली होती आणि दर वक्ता आपण मयताच्या किती जवळचे होतो ते सांगत होता.

शेखर मामा रात्रीच्या गाडीने बार्शीहून आले होते. ते सगळ्यांच्या मागे, चपला हातात धरून उभे होते. नऊ वर्षांत फार वाळले होते. तिला एवढेच म्हणाले, "जेवतेस ना गं वेळेवर?"

पिंड ठेवला आणि सगळे मागे सरले. उंबरावर सात-आठ कावळे होते. एकही हलला नाही. पाच मिनिटे झाली, पंधरा झाली. अशा वेळी करायचे ते सुरू झाले. गेलेल्याचा जीव कशात अडकला असेल त्याचा अंदाज करून एकेकाने पुढे जायचे आणि पिंडासमोर शब्द द्यायचा.

माऊली गेला. "काका, तुमचं एक बी भांडं मी वितळू देणार न्हाई. आईशप्पत." कावळ्यांनी माना वळवल्या, एवढेच.

ऋषिकेश गेला आणि अपूर्वाला सांभाळीन म्हणाला. एक कावळा उडाला, पण पलीकडच्या दहाव्याला गेला. तिकडे टाळ्या वाजल्यावर परत आला.

मग हैबतराव गेले. त्यांनी टोपी काढली, इकडेतिकडे बघितले, आवाज खाली आणला. पण घाटावर सगळे ऐकू येत होते. "पंत, बांध मी सरकवला हुता. तुमी बायकोसंगं दवाखान्यात हुता तवा. दीड हात. परत सरकवतो. पोरीला देतो."

लोकांनी एकमेकांकडे बघितले. कावळे जागचे हलले नाहीत. हैबतराव थोडे थांबले. मग टोपी घालून मागे आले तेव्हा त्यांच्या तोंडावर, हे उगीचच बोललो, असे स्पष्ट दिसत होते.

"दर्भाचा कावळा करू या," गुरुजी घड्याळ बघत म्हणाले. "चालतं ते."

"थांबा गुरुजी," मागून कुणी म्हणाले. "मेव्हणे आल्यात ना? त्यो तांब्याचा इषय हाय न्हवं?"

तो विषय कुणाला माहीत नव्हता असे नाही. बंडोपंत नऊ वर्षे प्रत्येक चहाबरोबर तो सांगत होते. लोकांनी वळून बघितले आणि आपोआप वाट झाली. शेखर मामांनी चपला खाली ठेवल्या. ते हळूहळू पायऱ्या उतरून पिंडापाशी आले आणि त्यांनी हात जोडले.

"भाऊजी," ते म्हणाले, "किती वर्षं चालवायचं हे आपण? मी थकलो आता. तुमचं समाधान होतंय ना, तर मग तसं. तिचा तांब्या मी…"

"मामा, थांबा."

अपूर्वाला आपला आवाज एवढा मोठा येईल असे वाटले नव्हते. पलीकडचा वक्तासुद्धा क्षणभर अडखळला. ती खाली उतरली, मामांचे जोडलेले हात तिने आपल्या हाताने सोडवले आणि त्यांना बाजूला केले. पिंडासमोर ती गुडघ्यावर बसली. उंबराकडे तिने बघितले नाही.

"बाबा, तांब्या मामांनी नेला नाही. मी दिला. तुम्ही बार्शीला गेला होतात त्या दिवशी, बोहारणीला, आईच्या साड्यांबरोबर. चुकून नाही. नाव वाचून दिला. मला तो आवाज घरात नको होता."

तिने पिंडाखालचे पान सरळ केले.

"आई जायच्या आधी चार दिवस. दुपारी. ती वाजवत होती आणि मी आतल्या खोलीत पडले होते. मला उठायचं नव्हतं. म्हटलं, थांबेल. बराच वेळ वाजवलं तिने, आणि मग थांबली. त्यानंतर तिने एकदाही वाजवलं नाही, बाबा. तुम्हाला वाटलं, तिच्यात ताकद राहिली नाही. तसं नव्हतं. मी झोपले नव्हते. मी जागी होते."